किसनचा मांगूर

आमच्या शेजारचा किसन आटलेल्या डोहात अनवाणी उभा राहून डोळे मिटतो. नव्या माणसाला वाटतं, उन्हानं डोकं फिरलं. तो पायाच्या बोटांनी गाळ चाचपत असतो. खाली मांगूर हलला की त्याला तळव्यात कळतं. "हितं हाय," म्हणतो आणि तिथंच खांदतो. चुकलेला मी एकदाच पाह्यला. बेडूक निघाला, तर बेडकावरच डाफरला.

मांगूर म्हणजे मिशीवाला काळा मासा. पाण्याबाहेरही दम घेतो. किसनला त्याचा गर्व असा, जणू दम घ्यायला यानंच शिकवलं. "बाकीचे मासे पाण्याचे गुलाम," म्हणतो. "मांगूर आपल्या जालन्याचा. पाणी न्हाई म्हणून बोंबलत न्हाई."

एकदा विहीर खांदताना रेघा असलेला दगड निघाला. हा मांगुराचा पणजा, मरून दगड झाला पण मिशा सोडल्या न्हाईत, असं म्हणून यानं तो कोनाड्यात ठेवला. गुरुजी म्हणाले, साधा दगड आहे. किसननं वर्षभर त्यांना रामराम घातला न्हाई.

धरलेला मांगूर तो आजाऱ्याच्या, बाळंतिणीच्या घरी देतो. दारातूनच देतो आणि जल्दी निघतो.

माझी बायको कौसा यंदा गेली. पण दुष्काळाच्या साली ती तापातून उठली, तेव्हाच जायची. अन्नावरची वासनाच उडाली होती. चार दिवस घास न्हाई. मी शिकलेलो न्हाई, पण उपाशी माणूस किती टिकतं ते मला कळतं. मी किसनला सांगितलं.

दुधना नदीच्या आटलेल्या डोहात तो दोन दिवस राबला. रस्त्याच्या कामावर खडी फोडणाऱ्या बाया विचारायच्या, मासा खांदता का रताळं. तिसऱ्या दिवशी ओल्या पोत्यात हातभर मांगूर आणला. जवळची वाट सोडून अख्ख्या गावातून मिरवत आणला.

कौसानं पोतं उघडलं. मासा तोंड उघडत-मिटत होता.

"भावजी, येवढं सोसून जगलाय. मला न्हाई जायचा घशाखाली."

किसनचा मांगूर आजवर कुणी नाकारला नव्हता. मला वाटलं, आता भांडतो.

"बराबर हाय वहिनी," तो म्हणाला. "मी तरी कुठं कधी खाल्ला."

इतक्या वर्षांचा शेजार, पण हे मला ठाऊक नव्हतं.

कौसानं मासा रांजणाच्या तळच्या गढूळ पाण्यात सोडला. मंग विचारलं, आज काय खाल्लं तुमी? किसन रिकामं पोतं झटकायला लागला. खांदायच्या नादात दोन दिवस चूल पेटवली नव्हती. बायको मेल्यापासून तशी रोज तरी कुठं पेटत होती.

कौसा भिंतीला धरून उठली. भाकरी थापल्या, त्याला आत बसवलं. पाव्हण्याला एकट्याला जेवू घालायची आमच्यात रीत न्हाई. म्हणून सोबतीला चतकोर घेऊन बसली. एक घास मोडला. मंग दुसरा.

किसननं तिसरी भाकरी मागितली. त्याचं पोट कधीच भरलं होतं, मला दिसत होतं. पण तो उठला असता, तर तीही उठली असती.