गच्चीवरील कुरडयांच्या मोहिमेची हकीकत

श्रीसूर्यनारायण प्रसन्न, कारण वाळवण त्याच्याच हाती. शके एकोणीसशे सेहेचाळीस, क्रोधीनाम संवत्सर, चैत्र वद्य पक्षी एका राज्यात जे घडले ते जैसे कळले तैसे लिहितो. कळले थोडे, हे आधीच सांगतो.

राज्य म्हणजे तीन मजले व एक गच्ची. तेथे माळवदे घराण्यातील दोन जावा, थोरल्या कमळजाबाई आणि धाकट्या सुलोचनाबाई, नांदत होत्या. एके साली कुरडया खारट जाहल्या, मीठ जास्त कोणी घातले यावरून कलह माजला, आणि तेव्हापासून उभयतांत अबोला. कुरडया मात्र दरसाल एकत्रच घालीत, आणि सोऱ्या हवा असल्यास आभाळाकडे पाहून मागत. ही कीर्ती ऐकोन रेवती खांबेटे नामे माहितीपट करणाऱ्या बाई, कोणाच्या चाकर नव्हेत, पदरच्या खर्चाने कॅमेरा घेऊन गच्चीवर दाखल जाहल्या. लोकांचे रोजचे जगणे आहे तैसेच टिपावे, हा त्यांचा पण. म्हणाल्या, "काकू, मी इथं नाहीच असं समजा. रोजच्यासारखं चालू द्या." मग तांबडा दिवा लागला, आणि काय विपरीत सांगावे, ठेवणीतली पातळे नेसोन आलेल्या जावा एकमेकींशी बोलू लागल्या! "अक्का, तुम्ही सावलीत बसा ना." "अगं, तूच दमलीस." ऐसा गोडवा की ऐकवेना. चार लोकांत शोभा नको, ही आतली मसलत. रेवतीबाई हवालदिल जाहल्या. अबोला टिपावयास आल्या आणि पदरी पडले नाटक. मग कमळजाबाईंनी लाकडी पळी त्यांचे हाती दिली. "उभी काय राहिलीस? चीक घोट, गुठळ्या होतील." मग बाई घोटू लागल्या, घाम पुसू लागल्या, कॅमेऱ्याचे भान राहिले नाही, आणि भर दुपारी बॅटरी संपली.

आणि मग सुलोचनाबाई सोऱ्या दाबता दाबता म्हणाल्या, "अक्का, त्या साली मी मीठ घातलंच नव्हतं."

थोरल्यांनी पडलेली कुरडई बोटाने सारखी केली. मग म्हणाल्या, "मीच दोनदा घातलं असणार. माझी आई जाऊन महिना झाला नव्हता गं, माझं चित्त थाऱ्यावर नव्हतं. मागनं कळलं मला. पण तोवर तू आभाळाशी बोलायला लागली होतीस."

मग उभयता रडल्या, आणि हसल्याही, आणि ऐकता ऐकता रेवतीबाईंचा चीक बुडाला लागला. त्या धावोन कॅमेऱ्यापाशी गेल्या, तो दिवा विझलेला.

"काकू, यातलं काहीच आलं नाही!" रेवतीबाई म्हणाल्या. "पुन्हा एकदा बोलाल का?"

"दिवा विझलेला बघूनच तर बोलले मी," सुलोचनाबाई म्हणाल्या.

"मलाही दिसला होता," कमळजाबाई म्हणाल्या.

पुढे माहितीपट गच्चीवरच दाखविला. त्यात सकाळचेच गोड बोलणे होते, आणि सकळ राज्याने माना डोलाविल्या की हुबेहूब, या जावा ऐशाच आहेत. आणि तोवर तैशा जाहल्याही होत्या. सबब सकाळचे ते खरे की खोटे, आणि रेवतीबाई जिंकल्या की हरल्या, हे लेखकास अद्याप उमगले नाही. कुरडया यंदा अळणी जाहल्या, कारण "तूच घाल", "नको, तुम्हीच घाला" ऐसे करिता करिता मीठ कोणीच घातले नाही. राज्याने त्या आवडीने खाल्ल्या. इतकेच ठाऊक, इतकेच लिहिले.