उलटखेडचे सुखदेवभाऊ

माझा चष्मा खिशातून निसटून शेतातल्या भेगेत पडला, तेव्हा सुखदेवभाऊंनी माझा हात हातात घेतला आणि म्हणाले, "मुबारक हो, मास्तर. पोचला."

नवाकोरा चष्मा होता हो. मी कुदळ आणायला निघालो, तर हा माणूस आडवा. "खंदू नका. कोनाचं छत काहून फोडता?"

उन्हाळ्यात आमच्या दर्यापूर रोडच्या काळ्या जमिनीला हातहात खोल भेगा पडतात, हे शेंबडं पोरही जाणतं. त्या भेगांखाली कोणाची घरं असतात, हे ज्ञान मात्र साऱ्या वऱ्हाडात एकट्या सुखदेवभाऊंना.

त्या गावाचं नाव उलटखेड. तिथली माणसं आपल्या तळपायाला तळपाय लावून चालतात. आपल्या भेगा म्हणजे त्यांचे झरोके. इथं जे हरवतं ते तिथं उगवतं. "पडलं ते पोचलं" हा त्यांचा वेद. तिथं म्हातारपण नाही. लेकरू मोठं होतं, ऐन भरात आलं की तसंच राहतं. आणि कहर म्हणजे ते लोक आपल्याला देव समजतात. आपण भांडलो की त्यांच्याकडे आभाळ गडगडतं. म्हणून भाऊ शेतात बैलालाही "सरका जरा" म्हणायचे. मी पडलो शाळामास्तर, शेजारच्या शेताचा मालक, धुऱ्याला धुरा, म्हणजे बांधाला बांध, लागलेला. माझा आवाज आधीच मोठा. फोनवर बोलू लागलो की हे धुऱ्यापलीकडून हात हलवणार, "हयू बोला, खालचे दचकतात."

एकदा चिडून विचारलं, "कोण्या पोथीत आहे हे?"

"पोथी वरच्याइले लागते," म्हणाले. "खालच्याइले नुसतं आयकू येते."



मागं त्यांच्याच शेतातल्या निंबाखाली आम्ही रोडग्यांचा बेत केला. पाहुणे थेट अकोल्याहून आले. गोवऱ्या रचल्या, कणकेचे गोळे वळून झाले, मी काडी ओढणार तोच हे म्हणतात, "इथं इस्तो नाही पेटवाचा. खाली चटका बसते." हे आधी सांगायला काय झालं होतं? वांग्याच्या भाजीच्या भरल्या गंजासकट सगळा पसारा उचलून माझ्या शेतात न्यावा लागला. माझ्या साडूच्या पांढऱ्या पायजम्यावर अर्धी भाजी सांडली. आणि वर रोडगे सगळ्यात जास्त कोणी हाणले, तर यांनीच.

यंदा त्यांच्या मुलानं, प्रवीणनं, शेत प्लॉट पाडणाऱ्याला द्यायचं ठरवलं. प्रवीण पुण्याला नोकरीला, शेती कोण करणार. भाऊंनी हूं की चूं न करता सही केली. मला नवलच वाटलं. पण आखणी झाली, रस्ता नेमका निंबाच्या कोपऱ्यावरून निघाला, आणि रोलर आला त्या सकाळी भाऊ तिथं मांडी ठोकून बसले. उठेचनात. प्रवीण रडकुंडीला येऊन मला म्हणाला, "काका, तुमीच सांगा आता. व्यवहार मोडून राहिला."

मी गेलो तो तापूनच गेलो. "भाऊ, बस झालं आता. पोराच्या जिवाले काहून घोर लावून राहिले? नाही असं कोणतं गाव. भेगेखाली माती आहे, मातीखाली मुरूम आहे, अन् त्याच्याखाली काहीच नाही."

 भाऊ हळूच म्हणाले, "मास्तर, थोडं बाजूले होऊन बोला."

मागून वहिनी आल्या. मला धुऱ्यापाशी नेलं. "भाऊजी, प्रवीनच्या आधी पोट्टी झाली होती आमाले. बारशाच्या आधीच गेली. एवढ्याशा लेकराले अग्नी देत नाहीत ना, इथंच पुरली निंबापाशी. प्रवीनले मालूम नाही. तवापासून याइचं हे उलटखेड सुरू झालं."

मला असा संताप आला की काय सांगू. इतकी वर्षं या माणसानं मला त्या गावचे झरोके सांगितले, छतं सांगितली, आणि तिथं राहतं कोण तेवढं सांगितलं नाही. तेवढ्यात तो प्लॉटवाला म्हणाला, "काका, एका कोपऱ्यानं काय फरक पडते?" झालं. माझा शाळेतला आवाज निघाला. "रस्ता माझ्या शेतातून वळव. इकडून ने. त्या निंबाजवळ रोलर आणशील तर मी आडवा पडतो."

प्रवीण म्हणाला, "काका, तुमची जागा जाईन ना. पन काहून?"

"बापाले विचार," मी म्हणालो. "पन आज नको विचारू."

प्लॉटवाले रोलर घेऊन गेले. मी भाऊंच्या शेजारी जमिनीवर बसलो.  विचारलं, "नाव काय तिचं?"

"ठेवलंच नाही ना. वेळच नाही भेटला." बोटानं मातीचं ढेकूळ फोडत ते म्हणाले, "खाली कोनं तरी ठेवलं असन. मोठी झाली असन आता. मले मालूम नाही म्हनून हाक मारता येत नाही तिले."