पूजेला बसलेले बोल्ट

"यंदाच्या खंडेनवमीला मोटारीची अशी पूजा करीन, की अख्खं कंधार तोंडात बोट घालील!" असं बापूसाहेब वकिलांनी घटस्थापनेलाच जाहीर करून टाकलं.

कंधारात तेव्हा मोटारी दोनच. एक तहसीलदारांची, ती निजाम सरकारची. दुसरी बापूसाहेबांची. उदगीरकडच्या एका जहागीरदाराकडून घेतलेली, काळी, अमेरिकन बनावटीची आणि रुसलेल्या व्याह्यासारखी. मनात आलं तर चाले, नाहीतर चौघांनी मागून समजूत घालावी लागे.

खंडेनवमीला ज्याचं पोट ज्या हत्यारावर, त्यानं ते घासूनपुसून पूजायचं. सुतार करवत पूजतो, शेतकरी विळा-कुऱ्हाड पूजतो. पूजा ओसरीवर, चौरंगावर. आता मोटार ओसरीवर कशी चढवायची? बापूसाहेब वकील होते. त्यांनी तोड काढली.

"पक्षकाराला कोर्टात येता आलं नाही, तर तो काय करतो? वकील देतो! मोटारीच्या वतीनं तिच्या चाकांचे बोल्ट चौरंगावर हजर राहतील."

"सगळे वीस?" त्यांच्या बायकोनं, सौदामिनीनं विचारलं.

"सगळे! एका चाकाचे नेले आणि तीन चाकांचे ठेवले, असा पक्षपात पूजेत चालत नाही."

"मग चाकं कशावर राहतील?"

"गाडी दगडांवर उभी करायची. दोन दिवस कुठं जायचंय आपल्याला?"

सौदामिनी हैदराबादेत राहून सायन्स घेऊन इंटर झाली होती. लग्नाला सहा वर्षं झाली, आणि तेवढ्या काळात तिच्या सायन्सचा घरात झालेला उपयोग म्हणजे, दूध नासलं की ते का नासलं हे सगळ्यांना सांगणे. ते ऐकून दूध काही परत येत नसे. म्हणून नांदेडच्या मुलींच्या शाळेत सायन्स शिकवायला बाई हवी आहे असं कळताच तिनं अर्ज केला होता. दोन महिने झाले, उत्तर नव्हतं.

नवमीला सकाळी पूजा थाटात झाली. चिंचेनं घासलेले वीस बोल्ट चौरंगावर चार रांगांत बसले. प्रत्येकाला हळद, प्रत्येकाला कुंकू, वर झेंडूचं फूल. शेजारी पाना, तोही नटलेला. गावातली माणसं येऊन बघून गेली. तोंडात बोट कुणी घातलं नाही, पण "मोटारीची पूजा कुठाय?" असं मात्र प्रत्येकानं विचारलं.

साडेनऊला डाकवाला आला.

लखोटा उर्दूतला होता. बापूसाहेबांनी वाचला आणि त्यांचा आवाज एकेका ओळीला खाली खाली गेला. शाळांच्या मोहतमीम, म्हणजे वरिष्ठ अधिकारी, दिलशाद बेगम आज चार वाजता नांदेड स्टेशनच्या जनाना वेटिंग रूममध्ये मुलाखत घेणार होत्या. साडेचारच्या गाडीनं पुढे मुआयन्याला, दुसऱ्या शाळा तपासायला, जाणार होत्या. जी उमेदवार हजर नसेल, तिचा अर्ज रद्द!

"आज?" सौदामिनी म्हणाली.

"आज! लखोटा चार दिवसांपूर्वीचा आहे."

नांदेड तीस मैल. बाहेरगावाहून येणारी उतारूंची सर्व्हिस मोटार सकाळी सातलाच येऊन गेलेली. दोघांनी आधी एकमेकांकडे बघितलं, मग अंगणातल्या मोटारीकडे, मग चौरंगाकडे. बापूसाहेबांचा हात बोल्टाकडे गेला मात्र!

"खबरदार!" केवळाबाई कडाडल्या. त्या बापूसाहेबांच्या आत्या. घरातला देवधर्म त्यांच्या ताब्यात, आणि देवधर्माच्या वाटेनं बाकीचं घरही. "पूजलेलं हत्यार दसरा उजाडल्याबिगर हलवायचं न्हाई! माज्या सासऱ्यानं नवमीला कुऱ्हाड उचलली होती."

"मग काय झालं?"

"आंगठा गेला!"

सौदामिनीला राहवलं नाही. "आत्याबाई, पण आंगठा कुऱ्हाडीनं गेला, की नवमीनं?"

"बघ रे बापू, ही कशी इचारती ते!"

बापूसाहेब चपला घालून बाजारात पळाले आणि जिलानी मिस्त्रीला घेऊन आले. जिलानीची पिठाची गिरणी होती. इंजिन, पंप, घड्याळ, काहीही बिघडलं की कंधार त्याच्याकडे जाई. तो पत्र्याच्या डब्यात गिरणीचे जुने बोल्ट घेऊन आला होता.

"फिकर नका करू वकीलसाब. बोल्ट म्हंजे बोल्ट. जाडी जुळली, आटे जुळले, झालं काम."

"आणि लांबी?" सौदामिनीनं विचारलं.

"लांब असला तर चांगलाच की बाईसाब! जास्ती धरंल."

"पण उरलेली लांबी जाणार कुठं?"

हा प्रश्न जिलानीला आजवर कुणी विचारला नव्हता. गिरणीचा बोल्ट पलीकडून बाहेर येतो आणि त्याच्यावर कुणीतरी टोपी वाळत घालतं. त्यानं हसून उजवीकडच्या पुढच्या चाकात पाच बोल्ट घातले. पाना त्याचा स्वतःचाच, पण सैल दातांचा. "चांगला पाना होता. तो तुमीच परवा पूजेला मागून नेला ना. तिथं फूल लावून बसलाय बगा!"

बोल्ट आवळत गेले. आधी चाक भिरभिर फिरत होतं. मग जरा अडखळलं. पाचवा बोल्ट बसला आणि चाक थांबलं.

"कसं घट्ट बसलं!" जिलानी म्हणाला.

"वाहवा!" बापूसाहेब म्हणाले.

"फिरत का नाही?" सौदामिनी म्हणाली.

बापूसाहेबांनी चाकाला हात लावला. मग दोन्ही हात लावले. मग लाथ मारली, आणि एका पायावर अंगणभर नाचून आले. चाक मारुतीच्या देवळातल्या मारुतीसारखं जागच्या जागी.

सौदामिनीनं एक बोल्ट काढायला लावला. त्याचं टोक नुकतंच घासल्यासारखं चकाकत होतं. ती ओसरीपर्यंत गेली, चौरंगावरच्या बोल्टाला हात न लावता शेजारी धरून बघितलं. गिरणीचा बोल्ट बोटाच्या पेरभर लांब!

"आत ब्रेक आहे," ती म्हणाली. "बोल्ट चाकातून आरपार जाऊन त्याला टेकतात. आपण चाक गाडीला बसवलं नाही, ब्रेकला बांधलंय."

जिलानीनं बोल्टाकडे बघितलं, तिच्याकडे बघितलं. "बराबर. पेरभर कापून टाकतो. जरा करवत..." आणि तो मध्येच थांबला. गावातली एकूण एक करवत त्या दिवशी कुठल्या ना कुठल्या चौरंगावर झेंडू लावून बसली होती.

साडेअकरा झाले.

सौदामिनी आत गेली. केवळाबाई पानाचा डबा उघडून बसल्या होत्या. ती त्यांच्यासमोर बसली.

"आत्याबाई, पूजेला नवरा-बायको जोडीनं बसतात. बायको हजर नसली तर?"

"तर तिच्या जागी सुपारी. येवढं ठाऊक न्हाई?"

"मग बोल्ट हजर नसला तर?"

केवळाबाईंचा हात डब्यातच राहिला.

"वकिलाची बायको शोभतीस खरी!" केवळाबाई म्हणाल्या. "पर फुकट न्हाई. एक बोल्ट उचलला की त्याच जागी एक सुपारी. तिला हळद, कुंकू, अक्षता. हाय कबूल?"

"हाय कबूल!" बापूसाहेब बाहेरूनच ओरडले.

डब्यात सुपाऱ्या निघाल्या सोळा. सणामुळे दुकानं बंद. एक सुपारी पान्याच्या जागी गेली, उरल्या पंधरा. म्हणजे बोल्टही पंधराच सुटणार! पाच बोल्ट आणि झेंडूची फुलं चौरंगावर तशीच पहारा देत राहिली.

"पंधरा म्हणजे चार, चार, चार, तीन," सौदामिनीनं हिशेब केला. "पुढच्या दोन चाकांना चार-चार. वळताना जोर तिथं पडतो. मागं एकाला तीन."

पण तोवर बापूसाहेबांनी पंधरा बोल्ट चणेफुटाणे उचलावेत तसे ओंजळीत उचललेसुद्धा होते. जिलानीनं डावीकडच्या पुढच्या चाकापासून सुरुवात केली. पहिला बोल्ट आत जाईना. दुसरा जाईना. तिसरा कसाबसा बसला. चौथा पुन्हा जाईना.

"आत्याबाईंचा शाप!" बापूसाहेब पुटपुटले.

"आटे भरलेत. आता बगा," म्हणून जिलानीनं चौथा बोल्ट तिरका टेकवला, पाना लावला आणि पान्याच्या दांड्यावर चढून उभाच राहिला.

"थांबा! उतरा!" सौदामिनी ओरडली. ती सहसा ओरडत नसे. जिलानी घाबरून उतरला. "तीन जात नाहीत आणि एक जातो. म्हणजे भोक वाईट नाही. मग त्या एकात वेगळं काय आहे?"

तिनं बसलेला बोल्ट काढून घेतला आणि पदरानं त्याच्या डोक्यावरचं कुंकू पुसलं. खाली इंग्रजी अक्षर होतं, एल. न बसणाऱ्याचं कुंकू पुसलं. आर! तिनं दोन्ही शेजारी धरले. एकाचे आटे उजवीकडे चढत होते, दुसऱ्याचे डावीकडे.

"डाव्या अंगाचे बोल्ट उलट्या आट्यांचे आहेत! सोडवताना हे तुमच्या लक्षात नाही आलं?"

"आलं की," बापूसाहेब म्हणाले. "डावीकडचे सुटेनात, म्हणून मी कंटाळून उलटं फिरवलं, तर सुटले. मला वाटलं, गाडीचा स्वभाव."

"पण उलटे कशाला केले असतील?" सौदामिनी चाकासमोर उकिडवी बसली. ती हातानं चाक फिरवून बघे, थांबे, पलीकडे जाऊन ते चाक फिरवून बघे.

"अगं, साडेबारा वाजले!"

"एक मिनिट."

"जिलानी, बघ! नोकरी चालली हातची, आणि हिला 'का' पाहिजे!"

"असू द्या वकीलसाब," जिलानी म्हणाला. तोही तिच्याशेजारी उकिडवा बसला होता. "मी बी इचारच करून राहिलो."

शेवटी तिच्या चेहऱ्यावर ऊन पडल्यासारखं झालं, ती उठली आणि सगळ्यांना कामाला लावलं. डावीकडे एल, उजवीकडे आर. मोजल्यावर एल सहाच निघाले, डावीकडच्या दोन चाकांना पाहिजे होते आठ. दोन बोल्टांची अदलाबदल करायला बापूसाहेब पुन्हा केवळाबाईंसमोर हात जोडून उभे. अदलाबदलीला नव्यानं हळदकुंकू पडलं! मग आवळणं. जिलानी ओळीनं आवळू लागला, तर सौदामिनी म्हणाली, "एक सोडून एक घ्या. ओळीनं आवळलं की चाक एका अंगाला कलतं." तीन बोल्टांच्या चाकाला तिनं दोनदा आवळायला लावलं. एक वाजता गाडी निघाली तेव्हा केवळाबाई दारात आल्या होत्या.

"सावकाश जा गं. पंधरा सुपाऱ्यांवर निघालीस!"

दोन मैल झाले नाहीत तोच सौदामिनी म्हणाली, "थांबवा." पाना लावला तर बोल्ट चक्क अर्धा वेढा फिरले. घाईत डोक्यांवरचं कुंकू पुसलं होतं, पण डोक्यांखालचं तसंच राहिलं होतं. चाकाच्या हादऱ्यानं त्याची पूड होऊन गळत होती आणि तेवढी जागा सैल होत होती.

"म्हणजे पूजा जितकी भक्तीनं, तितकं चाक ढिलं," ती म्हणाली.

"हे आत्याला सांगू नकोस," बापूसाहेब म्हणाले.

मग दर दोन मैलांना तेच. थांबायचं, उतरायचं, चार चाकं आवळायची. लोह्याजवळ एका बैलगाडीनं त्यांना तीनदा मागं टाकलं. तिसऱ्यांदा गाडीवान म्हणाला, "सायेब, मागं दोरी बांधू का?"

नांदेड स्टेशनात शिरले तेव्हा चार वाजून दहा मिनिटं झाली होती. बापूसाहेब जनाना वेटिंग रूमच्या पडद्याबाहेर थांबले. सौदामिनी आत गेली. दिलशाद बेगम उठायच्याच तयारीत होत्या. करारी चेहरा, चष्मा, हातात घड्याळ.

"दस मिनट लेट," त्या म्हणाल्या. मग त्यांची नजर खाली गेली. "और ये हाथ को क्या हुआ?"

सौदामिनीच्या हातांवर काळं वंगण होतं, आणि त्यावर लाल कुंकू. ती एखादा खून करून धुवायला विसरलेल्या बाईसारखी दिसत होती. तिनं लाजत खरं ते सांगितलं. बोल्ट, पूजा, एल आणि आर.

"उलटे आटे?" बेगम पुन्हा खुर्चीत टेकल्या. "वो क्यूँ?"

बस! सहा वर्षांत सौदामिनीला कुणी 'का' असं विचारलं नव्हतं. तिनं टेबलावरची शाईची दौत घेतली, तिचं फिरकीचं झाकण सैल केलं आणि दौत टेबलावर लोळवली. दौत म्हणजे चाक, झाकण म्हणजे बोल्ट. चाक फिरताना बोल्टाला अगदी थोडं थोडं ढकलत राहतं. एका बाजूला ते ढकलणं बोल्टाला आवळतं, दुसऱ्या बाजूला तेच त्याला सोडवतं. म्हणून त्या बाजूचे आटे उलटे करायचे. मग दोन्हीकडे आवळणंच. बेगमनी दौत स्वतः लोळवून बघितली. मग दुसऱ्या बाजूनं बघितली. शाई सांडली, कुणाचं लक्ष नव्हतं. मग लांब बोल्टाचं निघालं, मग कुंकवाच्या थराचं.

बाहेर शिट्टी झाली. बेगम पडद्यापर्यंत आल्या तोवर गाडीचा शेवटचा डबा फलाटावरून निघून चालला होता.

त्या परत फिरल्या, टेबलावरचा कागद ओढला, त्यावर सही केली आणि सौदामिनीच्या काळ्या-लाल हातात दिला. "पहिली तारीख से हाज़िर होना. लडकियों को भी ऐसेच पढाना."

पडद्याबाहेर बापूसाहेबांची छाती फुगली. "बेगमसाहेबा, गाडीची बिलकुल फिकर करू नका!" ते बाहेरून म्हणाले. "आमची मोटार उभी आहे. पुढच्या स्टेशनावर तुमची गाडी गाठून देतो. वाऱ्यासारखी चालते!"

बेगमनी सौदामिनीकडे वळून बघितलं.

"एक पहिये को बोल्ट कितने होना?"

"पाँच."

"और अभी कितने हैं?"

पडद्याखालून बापूसाहेबांचे बूट दिसत होते. ते 'पाच म्हण, पाच म्हण' असं जमिनीवर आपटत होते.

"तीन पहियों को चार-चार," सौदामिनी म्हणाली. "एक को तीन."

दिलशाद बेगम सावकाश मागे गेल्या, खुर्चीत बसल्या, आणि त्यांनी चष्मा काढून पुसायला घेतला.

"वकीलसाब से कहो, शुक्रिया," त्या म्हणाल्या. "तुम सायन्स जानती हो, इस पर मुझे पूरा यकीन है. मैं कल की रेलगाडी से जाऊँगी."