कपाटाची किल्ली

होणारी सासू चहाला यायची होती, म्हणून आईनं पैलवानाच्या सगळ्या जीन्स कपाटात कोंडल्या आणि किल्ली स्वतःच्या गळ्यात अडकवली.

पैलवान म्हणजे घरातली एकुलती एक मुलगी. लहानपणी गल्लीतल्या पोरांना लोळवायची, तेव्हाचं नाव. आता गॅरेजमध्ये स्कूटरी दुरुस्त करायची. मुलगा तिला आवडला होता, मुलाला ती जशी होती तशी आवडली होती. राहिली होती त्याची आई.

"कोणावर गेलीय कोण जाणे!" आई ड्रेसची चेन ओढत म्हणाली. "पोट आत घे. आणि शिट्टी वाजवलीस तर याद राख."

ड्रेस मावसबहिणीचा, गुडघ्यांपाशी आवळलेला. बाईला पाय उचलता येऊ नये म्हणूनच असले कपडे शिवतात. दुसरं कारण असेल तर शिवणाऱ्यानं समोर येऊन सांगावं.

हॉलमध्ये अर्धी खोललेली स्कूटर उभी होती. बेल वाजली तशी आईनं ती ढकलत बाथरूममध्ये कोंबली आणि दार ओढून घेतलं. आत धाडकन आवाज झाला.

"मांजर," आई पाहुणीला म्हणाली.

पाहुणीनं चहा घेतला, पुन्हा घेतला, मग अवघडून विचारलं, "जरा बाथरूम दाखवता?"

"पाणी गेलंय!"

"अहो, केवढा प्रवास करून आलेय मी! पाण्याचं नंतर बघू."

दार हलेना. आडवी झालेली स्कूटर आतून दाराला अडली होती.

तिघी मागच्या अंगणात धावल्या. पैलवानानं बाथरूमच्या खिडकीशेजारचा पाइप धरला, पाय उचलला. वीतभर उचलला गेला.

"आई, किल्ली दे!"

"जीन्समध्ये दिसायचं नाहीस तू यांना!"

"मी डोळे मिटते," पाहुणी कळवळली, "पण काहीतरी करा हो!"

आईनं चपला भिरकावल्या, घोळदार झगा वर खोचला आणि सरसर पाइप चढून खिडकीतून आत उतरली. पैलवान बघतच राहिली.

आतून खडखडाट, एक शिवी. मग खिडकीत आईचं ग्रीसनं काळंकुट्ट झालेलं तोंड आलं. दोन बोटं तोंडात घालून तिनं अशी शिट्टी मारली की शेजारची कुत्री भुंकायला लागली. पाठोपाठ किल्ली उडत आली.

"मला एकटीला स्कूटर उचलवत नाही! जीन्स चढव आणि ये!"

"आई, तू ही शिट्टी—"

"कोणावर गेलीय ते कळलं," पाहुणी पाय आवळून म्हणाली. "चौकशी नंतर करू. आधी दार उघडा, विहीणबाई!"