झिपरूअण्णा आणि वायकिंगांचा वीरमहाल

मुलांनो, सरकून बसा आणि एकमेकांना चिमटे काढू नका.

एका जंगलात फुटबॉलचा संघ होता. कुठल्या जंगलात, ते विचारायचं नाही. तिथली मंडळी फार लवकर दुखावतात.

हा संघ आधी हौसेने खेळायचा आणि हरायचा. मग तो व्यावसायिक झाला. म्हणजे हरल्यावरही खेळाडूंना मध आणि ऊस मिळू लागला. दर वर्षी संघ अंतिम सामन्यापर्यंत पोचायचा आणि शेजारच्या जंगलातल्या हत्तींकडून मार खाऊन परत यायचा.

संघाचे सचिव होते मुसंडेसाहेब. ते रानडुक्कर होते. अध्यक्ष होते वाघसाहेब. ते प्रत्येक सभेला येत आणि झोपत. त्यांना कोणी उठवत नसे. तुम्हीही उठवलं नसतं.

एका हिवाळ्यात उत्तरेकडून एक धोबी पक्षी आला. एवढासा जीव, काळा-पांढरा, बोलताना शेपटी सारखी वर-खाली. ओढ्याकाठी ऊन खात बसलेल्या प्राण्यांना तो आपल्या गावाकडच्या गोष्टी सांगायचा. एकदा त्याने वायकिंगांची गोष्ट काढली.

"आमच्या पूर्वजांनी त्यांच्याच छपरांवर घरटी बांधली," तो म्हणाला. "बरे शेतकरी होते. रोज केस विंचरायचे. उन्हाळा आला की लांब नावेत बसून दुसऱ्याच्या गावी जायचे आणि मिळेल ते घेऊन यायचे."

"पाहुणचार?" सशाने विचारलं.

"नाही. लूट."

मुसंडेसाहेबांचे कान उभे राहिले. आपण का हरतो ते त्यांना कळलं. आपल्या नावात दरारा नाही. दुसऱ्याच दिवशी संघाचं नाव 'वायकिंग' झालं आणि सगळ्यांसाठी शिंगांचे टोप आले.

"त्यांच्या टोपांना शिंगं नव्हती," धोबी म्हणाला.

"तुम्ही उत्तरेचे असाल," मुसंडेसाहेब म्हणाले, "पण संघ आमचा आहे."

गव्याच्या डोक्यात टोप बसेना, कारण त्याला स्वतःची शिंगं होती. ती कापली. मग पत्र्याची शिंगं व्यवस्थित बसली. गव्याने आरशात बघणं सोडून दिलं.

धोब्याने आणखी एक गोष्ट सांगितली होती. वायकिंगांच्या देवाचा एक मोठा महाल असतो, वल्हाला नावाचा. मोठमोठे वीर मेल्यावर तिथे राहतात. पण जो लढता लढता पडेल त्यालाच तिथे जागा. अंथरुणात मेला, तर नाही.

एवढं सांगून झालं आणि होळी उलटली. ऊन तापू लागलं. धोबी उडून आपल्या गावी गेला.

मुसंडेसाहेबांनी मात्र मनावर घेतलं. आपल्याही महान खेळाडूंसाठी असा महाल हवा. वल्हाला म्हणताना जीभ वळेना, म्हणून नाव ठेवलं वीरमहाल. बांधकाम वाळवीला दिलं. ती मातीचं काम सुबक करते. फक्त लाकूड तिच्या हाती द्यायचं नाही. पावसाळा संपता संपता महाल उभा राहिला. आत रांगेने आसनं होती. बसायला कोणी नव्हतं.

लांबून लांबून प्राणी बघायला येत आणि रिकाम्या आसनांना नमस्कार करून जात. हे काही बरं दिसेना. मुसंडेसाहेब एका सकाळी झिपरूअण्णांच्या गुहेत गेले.

झिपरूअण्णा म्हणजे अस्वल. संघाचे जुने गोलरक्षक. खरोखर महान. त्यांच्या पोटाला लागून किती चेंडू परत गेले याची गणती नाही. एकदा तर ते खांबाला टेकून झोपले होते, तरी गोल झाला नव्हता. आता गुडघे गेले होते. ते गुहेच्या तोंडाशी बसून असत आणि त्यांची बायको मोहाबाई त्यांच्या पायांना तेल चोळत असे.

"अण्णा, वीरमहालात तुमचा पुतळा तयार आहे," मुसंडेसाहेब म्हणाले.

अण्णांचा चेहरा उजळला. "अरे वा. मग मी कधी येऊ?"

"लगेच नको. आधी एक औपचारिकता आहे."

"भाषण करायचंय?"

"मरायचंय."

मोहाबाईचा हात थांबला. "हे कोणी ठरवलं?"

"परंपरा आहे, वहिनी."

"कोणाची?"

"आपलीच. गेल्या वर्षापासूनची."

मोहाबाईने त्यांना चहाही विचारला नाही. पण मुलांनो, खरी गंमत पुढे आहे. अण्णा नाही म्हणाले नाहीत.

त्याला कारण होतं. आदल्याच आठवड्यात सीताफळाच्या झाडाखाली अस्वलाच्या एका पिल्लाने त्यांना विचारलं होतं, "आजोबा, तुम्ही कोण?" अण्णांनी सांगितलं, मी झिपरू, गोलरक्षक. पिल्लू म्हणालं, "बरं," आणि फळं वेचू लागलं. अण्णांना फार वाईट वाटलं. घरी येऊन ते जेवले नव्हते.

"आपल्याला विसरले गं सगळे," ते मोहाबाईला म्हणाले. "पुतळा असला म्हणजे विसरणार नाहीत."

"मी विसरलेय का?"

"तू घरची."

मोहाबाईने भांडी जरा जोरात घासली.

अण्णांसाठी निरोपाचा सामना ठरला. समोर हत्तींचा संघ. मोठ्या हत्तीने जवळून चेंडू मारायचा, अण्णांनी तो छातीवर घ्यायचा आणि पडायचं. पुढचं हत्ती बघून घेईल. तयारी जोरात सुरू झाली. कावळ्यांनी शोकसभेचा सराव केला. धनेश पक्ष्याने श्रद्धांजलीचं भाषण लिहिलं आणि ते छान जमलंय म्हणून अण्णांनाच वाचून दाखवलं. अण्णांनी त्यात दोन सुधारणा सुचवल्या.

रोज अंगणात ते पडायचा सराव करत.

"डावीकडे पडू नका," मोहाबाई दारातून म्हणायची. "तो गुडघा दुखतो तुमचा."

म्हणायची आणि आत जाऊन डोळे पुसायची. रडून झालं की तिला राग यायचा. नवरा तिचा, आणि मरणाची तारीख ठरवणारे दुसरेच.

इतक्यात थंडी पडली. मोहाबाई पाण्याला गेली, तर ओढ्याकाठी धोबी पक्षी शेपटी हलवत फिरत होता.

"पाहुणे, काय सांगून गेलात हो तुम्ही?" ती म्हणाली. "तुमच्या गोष्टीपायी आमचे हे मरायला निघालेत."

धोबी घाबरला. त्याने सगळं ऐकून घेतलं. "अहो बाई, मी नुसती गोष्ट सांगत होतो. तीही अर्धीच राहिली. ऊन लागायला लागलं म्हणून मी निघालो."

"मग उरलेली सांगा."

धोब्याने सांगितली. मोहाबाईने कमरेवरची घागर खाली ठेवली आणि पुन्हा एकदा सांगायला लावली.

"सामन्याला या," ती म्हणाली. "पुढे बसा."

सामन्याच्या दिवशी सगळं जंगल लोटलं. वाघसाहेब अध्यक्षांच्या जागी झोपले होते. अण्णा अंगावर शाल घेऊन गोलात उभे राहिले. त्यांचे पाय थोडे कापत होते. ते थंडीमुळे, असं त्यांनी शेजारच्या खांबाला सांगितलं. मुसंडेसाहेब भाषणाला उठले.

"काही जण कुरकुरतात," ते म्हणाले. "म्हणतात, महाल ठेवा, पण मरण वगळा. मित्रहो, परंपरा काय भाजी आहे, हवी तेवढी निवडून घ्यायला? पाळायची तर पूर्ण पाळायची. मग त्यासाठी कोणालाही, अगदी कोणालाही त्याग करावा लागला तरी चालेल."

टाळ्या पडल्या. मोहाबाई उभी राहिली.

"साहेबांचं मला पटलं," ती म्हणाली. "पूर्णच पाळू. पाहुणे, महालात पुढे काय होतं तेवढं सांगा."

धोबी गोलाच्या आडव्या दांड्यावर जाऊन बसला. "वीर दिवसभर लढतात," तो म्हणाला. "संध्याकाळी एकत्र जेवायला बसतात. जेवणात एक रानडुक्कर असतं. रोज तेच. संध्याकाळी त्याला मारून शिजवतात. सकाळी ते पुन्हा धडधाकट उठतं. मग संध्याकाळी पुन्हा शिजवतात."

सगळ्यांच्या माना हळूहळू एकाच दिशेला वळल्या.

"रोज?" मुसंडेसाहेबांनी विचारलं.

"रोज."

"आणि सकाळी ते नक्की उठतं?"

"तिकडे उठायचं," धोबी म्हणाला. "इकडचं हवापाणी वेगळं आहे. मी खात्री देणार नाही."

तेव्हा वाघसाहेबांनी डोळे उघडले. संघाच्या इतिहासात असं कधी झालं नव्हतं.

"हा भाग मला कोणी सांगितला नव्हता," ते म्हणाले. "फार थोर संस्कृती दिसते. अध्यक्ष म्हणून माझी पूर्ण संमती आहे."

मुसंडेसाहेबांनी घसा साफ केला. खाली बसायच्या आतच त्यांनी दुसरं भाषण सुरू केलं. परंपरा म्हणजे वाहती नदी, ते म्हणाले. ती काळाप्रमाणे वळणं घेते. जुन्यातलं चांगलं तेवढं घ्यावं. कोणाच्याही जिवाला धक्का लावणं आपल्या संस्कृतीत बसत नाही. म्हणून महान खेळाडूंना जिवंतपणीच वीरमहालात घ्यावं आणि जेवणात सुरण ठेवावा.

टाळ्या पडल्या. मघाएवढ्याच.

वाघसाहेबांनी विरोध नोंदवला आणि पुन्हा झोपले. पण आता एक डोळा अर्धा उघडा होता. मुसंडेसाहेब तेव्हापासून सभेला दाराजवळ बसतात.

"मग मी मारू की नको?" हत्तीने विचारलं. तो बिचारा लांबून आला होता. त्याला हळू मारायला सांगितलं. अण्णा सवयीने डावीकडे पडले आणि चेंडू उजवीकडून गोलात गेला. संघ पुन्हा हरला, पण अण्णा स्वतःच्या पायांनी उठले. मोहाबाईने भर मैदानात त्यांचा गुडघा चोळला.

दुसऱ्या दिवशी अण्णा वीरमहालात जाऊन बसले. शेजारी त्यांचा पुतळा होता. पुतळ्याचे गुडघे फार चांगले होते. दुपारी शेजारच्या जंगलातून माकडांची सहल आली. माकडांनी पुतळ्याला हार घातला, नमस्कार केला आणि ती फोटोसाठी ओळीत उभी राहिली.

"आजोबा," त्यांच्यातलं एक म्हणालं, "जरा बाजूला होता का? फोटोत येताय."

अण्णा बाजूला झाले. संध्याकाळी मोहाबाई त्यांना न्यायला आली तेव्हा ते बाहेर पायरीवर बसले होते.

"झालं समाधान?" तिने विचारलं.

"पुतळा बरा आहे," अण्णा म्हणाले. "आपण घरी जाऊ."

तात्पर्य : मुलांनो, परंपरेचा अभ्यास नेहमी अर्धाच करावा. दुसऱ्याने मरायचं असतं तो भाग पहिल्या अर्ध्यातच येऊन जातो.