टेम्पोवरचा माहितीपट

"हा माहितीपट बघताना लोक पापणीसुद्धा हलवणार नाहीत!" दिग्दर्शकाने जाहीर केलं.

"मागच्या वेळी माझ्या भावाची हलत नव्हती," बायको कपड्यांच्या घड्या घालत म्हणाली. "झोपला होता तो."

मागचा माहितीपट गंजावर होता. त्याआधीचा पुलाच्या सावलीवर. दोन्ही फक्त नातेवाइकांनी पाहिले, तेही दार लावून घेतल्यामुळे! म्हणून ठरलं होतं, की हाही नातेवाइकांतच अडकला, तर दिग्दर्शकाने मुकाट मेव्हण्याच्या स्टुडिओत जाऊन लग्नं शूट करायची.

पण या वेळी विषयच असा होता! झोप. माणसं कशावर आडवी होतात आणि तिथून कुठे कुठे जाऊन येतात, ते दाखवायचं. त्यासाठी त्याने गादीवाल्या काकांचं दुकान गाठलं. आत पिंजलेला कापूस उन्हाच्या तिरिपेत असा तरंगत होता, जणू ढगांची पिल्लं चालायला शिकत होती.

"काका, हे वरच्या झरोक्यातून टिपायला हवं! बाहेरच्या टेम्पोवर चढू?"

"चढा. पण बूट काढा! गिऱ्हाइकाच्या गाद्या आहेत."

टेम्पोत गाद्यांची चळत रचलेली होती. दिग्दर्शक सर्वांत वरच्या गादीवर पालथा पडला, कॅमेरा सुरू केला आणि हळूहळू गादीत रुतला. ऊन पाठीवर हात फिरवत होतं. काकांचं पिंजणयंत्र घुंऽऽ घुंऽऽ करत होतं. "एकच मिनिट," असं तो डोळ्यांना म्हणाला.

जाग आली तेव्हा तो उताणा होता आणि आभाळ चाललं होतं!

झाडांच्या फांद्या कपाळावरून सरकत होत्या. पहिल्या मजल्यावर वेणी घालणारी एक बाई अगदी हाताच्या अंतरावरून गेली. 'मेलो वाटतं,' दिग्दर्शकाच्या मनात आलं. 'पण सोय उत्तम आहे!' त्याने आडव्याआडव्याच कॅमेरा उचलला, बटण दाबलं आणि ढग, तारा, वाळत घातलेल्या चादरी टिपत सुटला. असं दृश्य आजवर कुणी घेतलं नसेल! त्याच्या डोळ्यांत पाणी आलं.

टेम्पो थांबला. गाद्या उतरवायला चढलेल्या टेम्पोवाल्याने किंकाळी फोडली.

"गादी मी मागवली होती," गॅलरीतून एक आजी ओरडल्या, "माणूस नाही!"

"मी स्वतंत्र माहितीपट बनवतो," दिग्दर्शक उठून बसत म्हणाला.

"म्हणजे रिकामाच आहेस! गाढ झोपला होतास?"

"अगदी."

"मग आणखी दोन गाद्या पाठवायला सांग!"

इकडे दुकानासमोर नुसते बूट सापडल्यावर काकांचा धीर सुटला होता. त्यांनी थेट दिग्दर्शकाच्या बायकोला फोन लावला. "ताई, साहेब दिसत नाहीत! फक्त बूट उरलेत!" ती बिचारी धावत आली, आणि त्याच वेळी नवरा टेम्पोतून अनवाणी उतरला. आधी तिने त्याला मिठी मारली. मग बोलायला सुरुवात केली, ती बराच वेळ थांबली नाही.

"अगं, पण आधी हे बघ तरी!" म्हणत त्याने दुकानातल्या टीव्हीला कॅमेरा जोडला.

आभाळ कुठेच नव्हतं! पहिल्याच धक्क्याला कॅमेरा त्याच्याकडे वळला होता, आणि जागा झाल्यावर दाबलेल्या बटणाने सुरू असलेलं चित्रण बंद पडलं होतं. दिसत होता तो फक्त झोपलेला दिग्दर्शक. भुवईवर कापूस, ओठांवर हसू, मागून संथ सरकणारी झाडं.

त्याने कपाळावर हात मारला. काका मात्र स्टुलावर बसून एकटक बघत होते. "इतकं सुख माझ्या गादीवर?" ते हळूच म्हणाले. "हे इथेच लावून ठेवू दे मला."

तेव्हापासून ते चित्रण दुकानात दर्शनी भागात चालू आहे. घाईत निघालेली माणसं थबकतात, खांदे सैल सोडतात, तोंडभर जांभई देतात. त्यांत एकही नातेवाईक नाही! लग्नांचा विषय बायकोने स्वतःहून बाजूला ठेवला.

परवा दिग्दर्शक त्या गर्दीत जाऊन उभा राहिला. शेजारच्या बाई पिशवी छातीशी धरून म्हणाल्या, "काय स्वप्न बघत असेल हो हा!"

दिग्दर्शकाची छाती फुगली. "तो मीच. आणि फिल्मही माझीच!"

बाईंनी त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

"काहीतरीच काय! तो चेहऱ्यावरून किती हुशार दिसतो!"