माझा तक्ता आणि ताईबाईंची पात

कोठीत एकोणतीस पेट्या असतात. बावीस तळमजल्यावर, सात माळ्यावर. त्यांपैकी चार पेट्या हमखास रिकाम्या निघतात. उरलेल्या पंचवीस पेट्यांतून दर उतरणीला सरासरी तीन पूर्णांक चार दशांश वस्तू पहिल्या दर्जाच्या मिळतात. हे मी सांगते म्हणून नाही, हे मोजलेलं आहे! मोठ्या मैदानात दोनशे चाळीस वेळा, छोट्या मैदानात दोनशे बारा वेळा आणि 'वादळ' मोडमध्ये एकशे साठ वेळा मी स्वतः तिथे उतरले. एकूण सहाशे बारा. आमच्या विद्यापीठात याहून कमी नोंदींवर लोक डॉक्टर झालेत!

ज्यांना 'शेवटचा गडी' हा मोबाइलवरचा खेळ माहीत नाही, त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. शंभर जण विमानातून एका बेटावर उड्या मारतात. हात रिकामे. खाली घरं, शाळा, कोठ्या. तिथे बंदुका, चिलखतं, मलमपट्ट्या पडलेल्या असतात. त्याला लूट म्हणतात. चांगली लूट ज्याला आधी सापडते तो जगतो, बाकीचे मरतात. कुठे उतरायचं हाच सगळा प्रश्न. आणि त्या प्रश्नाचं तिन्ही मोडमधलं उत्तर माझ्या तक्त्यात होतं: धान्याची कोठी.

मी मोहिनी. संख्याशास्त्रात एम.एस्सी., पहिला वर्ग. मुक्काम पाचोऱ्यापासून अकरा किलोमीटरवर. मला पुण्याला पीएच.डी.ला जायचं होतं आणि आबांना, म्हणजे माझ्या वडिलांना, मला धुळ्याला मामांच्या कृषी केंद्राच्या काउंटरवर बसवायचं होतं. घरात आम्ही सगळे अहिराणीच बोलतो. खाली माझी आणि आमच्या पोरांची वाक्यं मात्र मी धुऊन-वाळवून दिली आहेत.

"आबा, ही पद्धत आहे. आज खेळाला लावली, उद्या पिकाला लावता येईल."

"हिसाब कागदवर गोराच दिसस," आबा कपाशीच्या पोत्यावर बसून म्हणाले. "वावरमा उतरना का काळा पडस."

"मग लावा पैज! रविवारी जळगावला स्पर्धा आहे. तिन्ही मोड. फक्त लूट मोजणार. माझ्या तक्त्यावर आमचा संघ पहिला आला तर पुणे!"

"आनि नही उना तं?"

"नाहीच येणार असं होणार नाही!"

"सोमवारपासून धुळे," आबा म्हणाले आणि पोतं शिवायला लागले.

इथवर सगळं ठीक होतं. चूक झाली ती शुक्रवारी. खरं तर मी तिला चूक म्हणत नाही, मी तिला प्रकाशन म्हणते. धुळ्याचा नवल नावाचा एक मुलगा खेळाडूंच्या ग्रुपवर रोज मला टोमणे मारायचा. त्या दिवशी त्याने लिहिलं, "ताई, मोजायला काय, आमची म्हैसपण शेपटी हलवून माशा मोजते!" आता तुम्हीच सांगा, शास्त्र शिकलेल्या माणसाने यावर काय करावं? पुरावा द्यावा! मी दिला. सगळा तक्ता, सरासरीसकट, आलेखासकट, ग्रुपवर टाकला. नवलने अंगठ्याचं चित्र टाकलं आणि टोमणे थांबवले. मला वाटलं, हरला.

रविवारी सकाळी पिकअपमध्ये आमचा संघ चढला. मी, माझा चुलतभाऊ तेजस, शेजारचा किरण आणि चौथा समाधान. समाधानच्या उजव्या अंगठ्याला केळ्याएवढी पट्टी!

"काय झालं?"

"काल शेतात भरताची पार्टी होती ना. वांगं पलटायला गेलो."

"चिमटा नव्हता?"

"होता. पण अंगठा जवळ होता."

नियम स्पष्ट होता. चौघंही एकाच गावचे हवेत, तिघांचा संघ बाद. मी पिकअपमध्ये नजर फिरवली. मागे वानोळ्याच्या, म्हणजे लेकीला द्यायच्या फळा-भाज्यांच्या, पिशव्यांमध्ये ताईबाई बसल्या होत्या, जळगावला लेकीकडे निघालेल्या. ताईबाई म्हणजे आमच्या गावच्या कापूस वेचणाऱ्या टोळीच्या म्होरक्या. वय बावन्न. दिवसाला सत्तर किलो कापूस वेचतात, आणि तोही बोलत बोलत.

"ताईबाई, एक काम होतं," मी म्हणाले आणि मोबाइल त्यांच्या हातात दिला.

"हाई काय शे?"

"या अंगठ्याने चालायचं. या अंगठ्याने उचलायचं. घरात जायचं, जे दिसेल ते पिशवीत."

"म्हनजे वेचानं शे ना?" त्यांनी चष्मा नाकावर खाली ओढला. "मंग तसं सांग ना माय! मी म्हनू काय नवं शे."

पाचोरा ते जळगाव त्या सराव करत होत्या. म्हसावदपर्यंत त्यांचा वेग तेजसच्या पुढे गेला. मी तेजसला म्हणाले, "नशीब!" खरं तर मी नशीब मानत नाही.

हॉलमध्ये बावीस संघ होते. अठ्ठ्याऐंशी खेळाडू. दारातच एक उंच, हसरा मुलगा पुढे आला.

"मोहिनीताई ना? मी नवल! तुमचा तक्ता एकदम कडक! आम्ही छापून आणलाय."

"आम्ही म्हणजे?"

त्याने हॉलकडे हात केला. टेबलांवर, खुर्च्यांवर, पाण्याच्या बाटल्यांखाली माझा तक्ता होता! कोणी रंगीत छापला होता, कोणी प्लास्टिकमध्ये घातला होता. एका संघाने तर कोठीचं चित्र टी-शर्टवर काढलं होतं.

तेजसने माझा हात धरला. "ताई, सगळे कोठीवर उतरणार. आपण दुसरीकडे जाऊ."

"का? निष्कर्ष बरोबर आहे म्हणूनच सगळे तिथे चाललेत!"

"अगं, पण पेट्या एकोणतीस..."

"सहाशे बारा नोंदी आहेत, तेजस! गर्दी बघून शास्त्र बदलत नाही!"

पहिली फेरी मोठ्या मैदानाची. पंधरा मिनिटं. शिट्टी होईल तेव्हा जिवंत माणसाच्या पिशवीत जेवढे नग, तेवढे गुण. मेलेल्याची पिशवी शून्य. विमान उडालं. कोठीवर छत्र्या उघडल्या त्या अशा, की कोठी दिसेना! बावीसपैकी वीस संघ तिथे आले. मी उतरले, वाकले, एक मलमपट्टी उचलली आणि मेले. वेळ नऊ सेकंद. तेजस छपरावरच गेला. किरणचा तर खाली पाय टेकायचा राहिला.

"ताईबाई कुठे आहेत?" मी ओरडले.

ताईबाईंना उडी कधी मारायची ते कळलंच नव्हतं. विमान बेटाच्या पार टोकाला गेलं आणि त्यांना आपोआप खाली ढकलण्यात आलं. माझ्या तक्त्यात त्या भागासमोर मी 'नगण्य' लिहिलं होतं. नुसत्या झोपड्या, चार ओळींत.

ताईबाईंनी पहिली ओळ धरली. झोपडीत आत, उचल, बाहेर. पुढची झोपडी. आत, उचल, बाहेर. गोळ्या, टोप्या, पट्ट्या, मोडका तवा, काही सोडलं नाही. दुसरी ओळ उलटीकडून. तोंडाने लेकीच्या सासूबद्दल सांगणं चालूच होतं. शिट्टी झाली तेव्हा त्यांच्या पिशवीत चौसष्ट नग होते.

"तिसरा नंबर!" किरण खुर्चीवरून उडाला. "ताई, पुढच्या फेरीला आपण ताईबाईंच्या मागे जाऊ!"

"एका निरीक्षणावरून निष्कर्ष काढतात का?" मी म्हणाले. "तो अपवाद आहे. मी कोठीवरच उतरणार!"

"का पण?"

"कारण मी बरोबर आहे!"

दुसरी फेरी छोट्या मैदानाची. मी कोठीवर उतरले. दोन वस्तू उचलल्या. वेळ सात सेकंद. तेजस आणि किरण यांनी माझं ऐकलं, तेही गेले. त्यांनी माझ्याकडे कसं बघितलं ते सांगत नाही.

तिकडे ताईबाई झोपड्यांच्या ओळीत मध्यावर पोचल्या, आणि अचानक एका झोपडीच्या दारात थांबल्या.

"ताईबाई, आत जा!"

"नही. आत मानूस शे."

आत नवल होता! तो पेटीतून चिलखत काढत होता. पाठ दाराकडे.

"मारा त्याला! लाल बटण!"

"मारू काय करता? ती त्यानी पात शे. दुसरानी पातमा मी पाय नही ठेवस."

आता हे समजावून सांगायला हवं. कापूस वेचताना प्रत्येक बाईला ओळींचा एक पट्टा नेमून दिलेला असतो. ती तिची पात. त्या पातीतला कापूस तिचाच, शेजारणीने बोंडालाही हात लावायचा नाही. तीस वर्षांत ताईबाईंनी हा नियम मोडला नव्हता, मग मोबाइलमध्ये तरी कसा मोडावा? त्या दारात उभ्या राहिल्या. नवल वळला. दारात एक बाई, हातात बंदूक नाही, हलत नाही, बोलत नाही, नुसती बघते आहे! नवलला वाटलं, सापळा! त्याने मागच्या खिडकीतून उडी मारली ती थेट दरीत. चिलखत पेटीतच राहिलं.

"आते पात मोकळी व्हयनी," ताईबाई म्हणाल्या आणि आत शिरल्या.

अठ्ठावन्न नग! दोन फेऱ्यांचे मिळून एकशे बावीस. धुळ्याचा संघ एकशे एकतीसवर पहिला, आम्ही दुसरे. फरक फक्त नऊ! हॉलमधली पोरं तक्ते ठेवून ताईबाईंच्या खुर्चीमागे जमली. तेजसने आबांना व्हिडिओ कॉल लावला. पडद्यावर आबा आणि त्यांच्या मागे टोळीतल्या सगळ्या बाया दिसत होत्या.

"आबा, बघा! पुणं जवळ आलंय!" मी म्हणाले.

तिसरी फेरी वादळाची. यात चहूबाजूंनी धुळीचं वादळ आत सरकतं आणि सगळ्यांना मधल्या उघड्या टेकडीकडे ढकलतं. मी कोठीवर उतरले. हसू नका! चार वस्तू, चौदा सेकंद. पहिल्या फेरीपेक्षा पाच सेकंद जास्त, म्हणजे सुधारणा होतीच.

ताईबाईंनी वादळाच्या पुढे पुढे राहत सहा ओळी वेचल्या. साठ. पंचाहत्तर. नव्वद. एक्याण्णव! पिशवीत आता जागा नव्हती. धुळ्याच्या संघाकडे चाळीस. ताईबाई टेकडीवर पोचल्या तेव्हा तीस सेकंद उरले होते. नुसतं उभं राहायचं होतं. खांबासारखं!

ताईबाईंनी पिशवी उघडली. बंदुका खाली ठेवल्या. टोप्या खाली ठेवल्या. पट्ट्या वेगळ्या रचल्या.

"ताईबाई! काय करताय?"

"ओळी सरन्यात. आते वजन."

"वजन नाही! परत उचला! पिशवीत भरा!"

"वेचेल माल अंगवर ठेवीसन कधी वजन करतस का?" त्या माझ्यावरच डाफरल्या. "एवढी शिकेल तू, हाई माहीत नही? काटावाला कोठे शे?"

शिट्टी झाली.

पंच आले. तरुण होते, गळ्यात ओळखपत्र. "यांची पिशवी शून्य."

"माल समोर दिसतोय!" मी टेबलावर हात आपटला. "मोजा ना! एक्याण्णव नग आहेत. मी मोजलेत, दोनदा!"

"मॅडम, जमिनीवरचा धरत नाही."

"समदा माल काट्यावर ठेयेल शे!" ताईबाई उठून उभ्या राहिल्या. पंचांपेक्षा त्या एक वीत उंच होत्या. "एक नग मना चोरीना दाखाड! तुना काटाच खोटा शे!"

"ताई, काटा नाहीये यात..."

"मंग काटा नसताना मालले शून्य कोन म्हने?"

पंचांनी कागदावर निकाल लिहून टाकला. एकशे बावीस गुण, सहावा क्रमांक. पहिला धुळे. नवल टाळ्या वाजवत आला आणि ताईबाईंच्या पाया पडला. "मावशी, खिडकीतून उडी मी उगाच मारली का हो?" त्यांनी त्याला वानोळ्यातली दोन सीताफळं दिली.

तेवढ्यात मोबाइलमधून आबा कडाडले. "मोहिनी! त्या पोऱ्याले सांग, माल काट्यावर उना म्हनजे माल! मी पंचवीस वरीस कापूस मोजस. पहिला नंबर आपला शे!" मागे बाया ओरडल्या, "बराबर शे!"

मला रडू यायचं बाकी होतं. "म्हणजे आबा, पुणे?"

"कोन?"

"मी!"

"माल कोनी वेचा?"

"ताईबाईंनी. पण संघ..."

"पैज तुना तक्तानी व्हती. तक्तावर कोन उतरनं?"

"मी."

"तुना माल कितला?"

मी बोटांवर पुन्हा मोजायला लागले. आकडे सांगण्यापूर्वी पडताळून घ्यावेत. पण तेजस माझ्या खांद्यावरून डोकावला. फितूर! "तीन फेऱ्यांत सात नग, आबा! आणि सगळं मिळून तीस सेकंद जिवंत होती!"

पलीकडे आबांनी घड्याळाकडे बघितलं. मग आबा म्हणाले, "साडेसातनी गाडी शे धुळानी."

मी आज हे धुळ्याच्या दुकानातून लिहिते आहे, आणि एक गोष्ट ठामपणे लिहिते: माझा तक्ता चुकीचा नाही! कोठीतली लूट आजही तिन्ही मोडमध्ये सर्वोत्तम आहे. त्या दिवशीच्या तीन नोंदींवरून सहाशे बारा नोंदी खोट्या ठरत नाहीत. आबांना हे पटत नाही, मामांना समजत नाही, आणि ताईबाईंनी निरोप पाठवला आहे की पुढच्या वर्षी मला टोळीत घेतील, पण कडेची पात देतील. मी कोणाचंही ऐकलेलं नाही. नमुना अपुरा असेल तर वाढवायचा असतो. म्हणून गेल्या आठवड्यात दुपारच्या सुट्टीत मी कोठीवर आणखी चाळीस वेळा उतरले.

जिवंत राहण्याचा सरासरी काळ: अकरा पूर्णांक दोन दशांश सेकंद.